पायाच्या सांध्याचा जंतुसंसर्ग: एम००.९ चा क्लेम पुन्हा पुन्हा का परत येतो

तक्रार बहुतेक वेळा एकाच सुरात येते. चार्टमध्ये डॉक्टरांनी स्वच्छ लिहिलेलं असतं: उजव्या पायाच्या अंगठ्याच्या मुळाशी असलेल्या सांध्यात सेप्टिक आर्थ्रायटिस. कोडर, म्हणजे चार्टमधल्या निदानाला विम्याच्या दाव्यासाठी कोड लावणारा, एम००.९ लावतो (सांध्याचा जंतुसंसर्ग, जंतू न सांगितलेला). क्लेम, म्हणजे तो दावा, परत येतो, शेरा 'कोड पुरेसा नेमका नाही'. मग कोडर एन्कोडरमध्ये, म्हणजे कोड शोधायच्या सॉफ्टवेअरमध्ये, पाऊल शोधतो. एम००.८७१ सापडतो, त्यात उजवं पाऊल ठळक दिसतं, तो टाकला की क्लेम सुटतो. काही महिन्यांनी क्लायंटच्या ऑडिटमध्ये तोच चार्ट लाल होऊन समोर येतो. कोडर वैतागतो: आधी जागा दिली नाही म्हणून परत पाठवलंत, आता जागा दिली तरी चूकच? राग समजण्यासारखा आहे. पण दोन्ही वेळा अडलेलं होतं ते जंतूपाशी, जागेपाशी नव्हे.

हिंजवडी, खराडी, मगरपट्टा या पट्ट्यात बसून अमेरिकेतल्या रुग्णांचे ऑर्थो किंवा पोडायट्रीचे (पायाच्या विकारांचे) चार्ट कोड करणाऱ्यांसाठी हे लिहितोय. म्हणजे सगळं बोलणं निदानांच्या कोडांच्या आयसीडी-१०-सीएम या अमेरिकी आवृत्तीबद्दल आहे, जी तिथे १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू आहे आणि दर वर्षी १ ऑक्टोबरला अद्ययावत होते. इथल्या रुग्णालयांतली आयसीडी-१० वेगळी. तो घोळ खाली घेतला आहे.

आधी झाड नीट बघा

एम०० म्हणजे पायोजेनिक आर्थ्रायटिस, पू करणाऱ्या जंतूंमुळे होणारा सांध्याचा संसर्ग. या गटात चौथं अक्षर जंतू सांगतं, पाचवं जागा आणि सहावं बाजू. एम००.० स्टॅफिलोकॉकसचा, एम००.१ न्यूमोकॉकसचा, एम००.२ इतर स्ट्रेप्टोकॉकसचा, एम००.८ इतर जंतूंचा. घोटा आणि पाऊल यांना मिळून जागेचा आकडा ७. बाजूसाठी १ उजवी, २ डावी, ९ न सांगितलेली. त्यामुळे उजव्या पावलात स्टॅफ असेल तर एम००.०७१, डाव्या पावलात स्ट्रेप असेल तर एम००.२७२, असं जुळत जातं.

आणि एम००.९? जंतू सांगितलेला नाही. इथे झाड संपतं. पुढे जागाही नाही, बाजूही नाही. एम००.९७१ असा कोड अस्तित्वातच नाही, कितीही शोधा. पेठेचं नाव न सांगता नुसता घर नंबर दिला तर पोस्टमन जसा सदाशिव आणि नारायणच्या मध्ये उभा राहतो, तसंच हे आहे: जंतू कळल्याशिवाय जागेच्या आकड्याला टेकायला जागा नाही.

म्हणून 'पाऊल तर माहीत आहे, मग पाऊल दाखवणारा कुठला तरी कोड घेऊ' हा विचार सरळ एम००.८७- मध्ये नेऊन सोडतो. एम००.८ चा अर्थ 'जंतू माहीत आहे, पण त्याला वर स्वतःची फांदी नाही' असा आहे. स्यूडोमोनास, ई. कोलाय, क्लेबसिएला यांची ती जागा. जंतू अजिबात माहीत नसताना एम००.८ टाकणं म्हणजे चार्टमध्ये नसलेली माहिती क्लेममध्ये घालणं. इंडेक्समध्ये, म्हणजे कोडबुकच्या अक्षरानुसार सूचीत, 'बॅक्टेरियल एनईसी' असं लिहिलेलं दिसतं आणि डॉक्टरांनी 'बॅक्टेरियल आर्थ्रायटिस' म्हटलंय, एवढ्या बळावर काही जण इथे येतात. माझ्या मते हे वाचन चुकीचं आहे. एनईसी म्हणजे सांगितलंय, पण दुसरीकडे वर्गीकरण नाही. 'बॅक्टेरियल' या एका शब्दाने जंतू सांगितला जात नाही.

एन्कोडरचा सर्च बॉक्स या चुकीला हातभार लावतो, कारण तो शरीराच्या भागावरून यादी दाखवतो आणि सगळ्यात भरगच्च वर्णनाचा कोड सगळ्यात अचूक वाटतो. इंडेक्समधून चला: आर्थ्रायटिस, सेप्टिक, तिथून पायोजेनिककडे. मग टॅब्युलरमध्ये, म्हणजे कोडांच्या क्रमवार यादीत, खालच्या सूचना वाचा. दोन मिनिटं जास्त लागतात. टार्गेटच्या दिवशी ती जड वाटतात, हे मान्य.

रुग्णालयाच्या एमआरडीतून आलेल्यांनी इथे थांबावं

पुण्यातल्या एखाद्या रुग्णालयाच्या एमआरडीत, म्हणजे वैद्यकीय नोंदी विभागात, काम करून नंतर अमेरिकी कोडिंगकडे वळलेले बरेच जण आहेत आणि त्यांचा पाया चांगला असतो. फक्त तिथे वापरलेली आवृत्ती जागतिक आरोग्य संघटनेची. तिच्यात पाचव्या जागी शरीराचा भाग दाखवणारा आकडा सगळ्या गटाला जोडता येतो, त्यामुळे एम००.९७ तिथे चालतो. अमेरिकी आवृत्तीत तो अवैध. आकड्यांचे अर्थही थोडे सरकतात. तिथे ६ म्हणजे पोटरी आणि गुडघ्यासकट पायाचा खालचा भाग, इथे एम००.०६ म्हणजे फक्त गुडघा. तिथे ८ म्हणजे इतर जागा, इथे एम००.०८ म्हणजे मणके. सुदैवाने ७ दोन्हीकडे घोटा आणि पाऊलच. पण बाजू तिथे नाहीच, म्हणून जुन्या सवयीने पाच अक्षरांवर थांबलं की एन्कोडर अपुरा कोड म्हणून ओरडतो.

उलट्या टोकाला आणखी एक सवय: फ्रॅक्चरचे चार्ट करून आलेला कोडर इथे शेवटी उपचाराचा टप्पा सांगणारी ए, डी, एस ही अक्षरं शोधतो. एम०० मध्ये ते नाहीत. सहावं अक्षर फक्त बाजू. रुग्ण तिसऱ्यांदा दाखवायला आला, शिरेतून अँटिबायोटिक अजून चालू आहे, तरी कोड तोच एम००.०७१, सोबत दीर्घकाळच्या अँटिबायोटिकसाठी झेड७९.२. उपचार संसर्गावरच चालू असेल तर आफ्टरकेअरचे (उपचारानंतरच्या देखभालीचे) झेड कोड मुख्य म्हणून लावायचे नाहीत.

जंतू कोणी सांगितला?

खरी गोची इथे आहे. प्रयोगशाळेचा रिपोर्ट चार्टमध्येच असतो: सायनोव्हियल फ्लुइड (सांध्यातलं पाणी) कल्चर, स्टॅफिलोकॉकस ऑरियस, भरपूर वाढ. डिस्चार्ज समरीत मात्र डॉक्टरांनी 'सेप्टिक आर्थ्रायटिस, उजवं पाऊल' इतकंच लिहिलेलं. कोडरच्या डोळ्यांसमोर उत्तर आहे आणि तरी ते उचलता येत नाही. मार्गदर्शक सूचनांनुसार प्रयोगशाळेचे निष्कर्ष डॉक्टरांनी त्यांचं महत्त्व नोंदवल्याशिवाय कोड होत नाहीत. सांध्यातल्या पाण्यात वाढलेला जंतू हा संसर्गाचं कारण आहे, की सुई घालताना त्वचेवरून आलेली भेसळ, हे ठरवणं डॉक्टरांचं काम. कोऍग्युलेज निगेटिव्ह स्टॅफच्या बाबतीत ही शंका अगदी व्यवहारातली असते.

ग्रॅम स्टेनचं तर अजून फसवं. 'ग्रॅम पॉझिटिव्ह कोकाय, घोसात' हे वाचून बीएचएमएस किंवा बीफार्म झालेल्या कोडरच्या मनात लगेच स्टॅफ येतो. शिक्षण बरोबर, पण त्यावरून कोड लावणं चूक. रक्ताच्या कल्चरमध्ये जंतू सापडला आणि सांध्यातलं पाणी घेतलंच नाही, तेव्हाही दोघांचा संबंध डॉक्टरांनीच जोडलेला असला पाहिजे. संसर्गरोगतज्ज्ञांच्या कन्सल्ट नोटमध्ये तो जोडलेला पुष्कळदा सापडतो, म्हणून समरीवर न थांबता ती नोट उघडा. उपचार करणाऱ्या कुठल्याही डॉक्टरांची नोंद चालते, अटेंडिंगच्या, म्हणजे मुख्य जबाबदार डॉक्टरांच्या, नोंदीशी तिचा विरोध नसेल तर. विरोध दिसला की क्वेरी, म्हणजे लेखी विचारणा, अटेंडिंगला.

आता वेळेचा प्रश्न. कल्चरचा अंतिम रिपोर्ट यायला काही दिवस लागतात. रुग्ण त्याआधी घरी गेला, समरीत 'कल्चर पेंडिंग' राहिलं आणि चार्ट इथे टीएटीच्या, म्हणजे काम पुरं करून द्यायच्या मुदतीच्या, घड्याळावर येऊन पडला. कोडरने त्या क्षणी एम००.९ लावला तर त्याचं काही चुकलं नाही. दोन दिवसांनी डॉक्टर अ‍ॅडेंडम (पुरवणी नोंद) लिहितात, 'एमएसएसए सेप्टिक आर्थ्रायटिस' (एमएसएसए म्हणजे मेथिसिलिनला संवेदनशील स्टॅफिलोकॉकस ऑरियस), आणि ते कोणी बघत नाही. माझ्या पाहण्यात एम००.९ चे बरेच परत आलेले क्लेम याच फटीतले असतात. म्हणून टीम लीडने क्लायंटशी एक गोष्ट आधीच ठरवून घ्यावी: सांध्याच्या संसर्गाच्या चार्टमध्ये 'पेंडिंग' हा शब्द दिसला तर किती काळ होल्ड चालेल आणि होल्ड संपल्यावर अ‍ॅडेंडम आला तर दुरुस्त क्लेम कोण पाठवणार. हे लेखी नसेल तर प्रत्येक वेळी नवा वाद होतो आणि तो पहाटेच्या कॉलवर होतो.

क्वेरी लिहिताना उत्तर सुचवू नका. 'हा एमएसएसएमुळे झालेला संसर्ग आहे, कृपया नोंदवा' अशी क्वेरी अनुपालनात बसत नाही. चार्टमधल्या खुणा मांडा आणि पर्याय मोकळे ठेवा. मजकुराचा आशय साधारण असा:

"समरीत उजव्या पावलाच्या सांध्याचा सेप्टिक आर्थ्रायटिस नोंदवला आहे. अमुक तारखेच्या सांध्याच्या पाण्याच्या कल्चरमध्ये स्टॅफिलोकॉकस ऑरियस, मेथिसिलिनला संवेदनशील, असा अहवाल आहे. रुग्णाला सेफाझोलिन चालू होतं. आपल्या वैद्यकीय मतानुसार या संसर्गाचं कारण नोंदवता येईल का? पर्याय: स्टॅफिलोकॉकस ऑरियस; अन्य जंतू (कृपया नाव द्यावं); कल्चरमधला जंतू भेसळ आहे; ठरवता येत नाही."

शेवटचा पर्याय काढून टाकायचा मोह होतो, कारण ते उत्तर आलं तर आपण जिथे होतो तिथेच राहतो. तो ठेवावाच लागतो.

'बहुधा स्टॅफ' लिहिलं असेल तर

इथे रुग्ण कुठे होता यावर सगळं फिरतं. रुग्णालयात भरती होता आणि डिस्चार्जच्या वेळच्या अंतिम निदानात 'लाइकली' किंवा 'प्रॉबेबल' असा शब्द आहे, तर इनपेशंटच्या नियमाने ते निदान झालंच आहे असं धरून कोड करायचं. समजा आधीच अँटिबायोटिक दिल्यामुळे कल्चर कोरं आलं आणि डॉक्टरांनी समरीत 'बहुधा स्टॅफिलोकॉकल सेप्टिक आर्थ्रायटिस, उजवा घोटा' लिहिलं. एम००.०७१ लागेल आणि कुठला स्टॅफ ते सांगितलेलं नाही म्हणून सोबत बी९५.८. कल्चर निगेटिव्ह आहे म्हणून एम००.९ वर परत जायची गरज नाही. हा मुद्दा ऑडिटरसुद्धा चुकवतात, तेव्हा रिबटल (लेखी प्रत्युत्तर) द्यायला लाजू नका.

तेच वाक्य ओपीडी किंवा इमर्जन्सीच्या चार्टमध्ये असेल तर 'बहुधा' मधलं काहीच घेता येत नाही. जेवढं निश्चित आहे तेवढंच. सेप्टिक आर्थ्रायटिस निश्चित, जंतू बहुधा: एम००.९. आणि 'सेप्टिक आर्थ्रायटिस रूल आउट' (शक्यता अजून तपासायची आहे) असं असेल तर निदान सोडून लक्षणं: उजव्या घोट्याचं किंवा पावलाच्या सांध्याचं दुखणं एम२५.५७१, सूज पाणी भरल्याची असेल तर घोट्याला एम२५.४७१ आणि पावलाला एम२५.४७४. बघा, पाण्याच्या कोडांत घोटा आणि पाऊल वेगळे आहेत, दुखण्याच्या आणि संसर्गाच्या कोडांत एकत्र. यामागचं तर्कशास्त्र शोधत बसू नका, टॅब्युलर उघडून बघा.

सोबतचा बी कोड

एम००.० खाली सूचना आहे: जंतूसाठी बी९५.६१ ते बी९५.८ मधला जादा कोड वापरा. मेथिसिलिनला संवेदनशील ऑरियसला बी९५.६१, मेथिसिलिनला न जुमानणाऱ्या ऑरियसला, म्हणजे एमआरएसएला, बी९५.६२, इतर स्टॅफला बी९५.७. एमआरएसए लावल्यावर पेनिसिलिन-प्रतिकाराचा झेड१६.११ पुन्हा लावायचा नाही. प्रतिकार त्या कोडातच आला. नाकाच्या स्वॅबमध्ये फक्त वसती सापडली तर ती झेड२२.३२२, आणि वसती व संसर्ग दोन्ही नोंदवले असतील तर दोन्ही कोड लागू शकतात. स्वॅबच्या जोरावर सांध्यात एमआरएसए धरणारे चार्ट दिसतात. तसं करता येत नाही.

एम००.२ ला बी९५.० ते बी९५.२ किंवा बी९५.४ आणि बी९५.५. एन्टेरोकॉकस बी९५.२ मध्ये असल्यामुळे तो या फांदीवर येतो, हे पटकन ध्यानात येत नाही. एम००.१ मध्ये न्यूमोकॉकसचं नाव कोडातच आहे. एम००.८ ला बी९६: स्यूडोमोनास बी९६.५, क्लेबसिएला न्यूमोनिए बी९६.१, आणि ज्यांना स्वतंत्र कोड नाही ते बी९६.८९. बूट घातलेल्या पायात खिळा घुसून झालेला संसर्ग असेल तर स्यूडोमोनास वारंवार भेटतो. बुटाच्या तळव्यातून तो आत जातो. दोन जंतू सापडले आणि डॉक्टरांनी दोन्ही कारण म्हणून लिहिले, समजा उजव्या पावलात एमएसएसए आणि स्यूडोमोनास, तर एम००.०७१ सोबत बी९५.६१ आणि एम००.८७१ सोबत बी९६.५.

बी९५ आणि बी९६ कधीही पहिल्या क्रमांकावर नाहीत. ते फक्त पुरवणी. पहिल्या जागी गेले तर क्लेम दारातूनच परत फिरतो.

बाजू

एम००.०७९ हा तिसरा परतणारा कोड. मेडिकेअर या अमेरिकी सरकारी विम्याच्या इनपेशंट क्लेमवर १ एप्रिल २०२२ पासून बाजू न सांगणाऱ्या ठरावीक कोडांसाठी वेगळी तपासणी लागू झाली, तेव्हापासून बाजूकडे सगळेच डोळे वटारून बघतात. खरं तर बाजू शोधणं आता सोपं आहे. ऑक्टोबर २०२१ पासूनच्या सूचनांत डॉक्टरांनी बाजू लिहिली नसेल तर नर्स किंवा इतर क्लिनिशियनच्या नोंदीवरून ती घेता येते. नोंदींमध्ये विसंगती असेल तरच क्वेरी.

विसंगती सापडते ती बहुधा प्रोसिजरच्या बाजूला. बोटांचे मॉडिफायर, म्हणजे प्रोसिजर कोडाला जोडायच्या खुणा, आठवा: टीए डावा अंगठा, टी१ ते टी४ डाव्या पायाची पुढची बोटं, टी५ उजवा अंगठा, टी६ ते टी९ उजव्या पायाची उरलेली. बोटाच्या सांध्याचा पू काढायला २८०२४ हा प्रोसिजर कोड लावला, मॉडिफायर टी५, आणि निदानात एम००.०७२. म्हणजे सर्जनने उजवा अंगठा उघडला आणि संसर्ग डाव्या पायात. असा क्लेम परत आला की कोडर निदान बदलून मोकळा होतो. ऑपरेटिव्ह नोट वाचल्याशिवाय बदलू नका. चूक मॉडिफायरमध्येही असू शकते. दोन्ही पावलांत संसर्ग असेल तर एकत्र कोड नाही, ०७१ आणि ०७२ दोन्ही. एकाच पावलात दोन सांधे असले तरी कोड एकदाच.

मधुमेही पाऊल

सगळ्यात जास्त वेळ खाणारे चार्ट हेच. एक नमुना घेऊ. टाइप २ मधुमेही, उजव्या अंगठ्याखाली जखम, हाड दिसतंय. पहिल्या मेटाटार्सलच्या (अंगठ्यामागच्या लांब हाडाच्या) डोक्यात ऑस्टिओमायलायटिस, म्हणजे हाडाचा संसर्ग, शेजारच्या सांध्यात सेप्टिक आर्थ्रायटिस, दोन्हीकडे एमएसएसए आणि डॉक्टरांनी तसं लिहिलंय.

जखमेसाठी ई११.६२१ आणि जोडीला एल९७.५१-. शेवटचं अक्षर खोलीचं: हाड मेलेलं असेल तर ४, हाडापर्यंत गेलंय पण मेल्याचा पुरावा नाही तर ६. खोली नर्सच्या नोंदीतून घेता येते. हाडासाठी ई११.६९ आणि एम८६.१७१, तीव्र असेल तर. मधुमेह आणि ऑस्टिओमायलायटिस यांचा संबंध इंडेक्समधल्या 'विथ' ('सोबत') या शब्दाखाली आहे, त्यामुळे डॉक्टरांनी वेगळं म्हटलं नसेल तर तो गृहीत धरायचा. सांध्यासाठी एम००.०७१, आणि बी९५.६१.

इथे दोन ठिकाणी अडखळायला होतं. मेटाटार्सलचं डोकं सांध्याचाच भाग आहे, मग ऑस्टिओमायलायटिस वेगळा का? मस्क्युलोस्केलेटल प्रकरणाच्या सूचनांत स्पष्ट आहे: हाडाच्या टोकाला, सांध्यापाशी दुखणं असलं तरी जागा हाड धरायची. म्हणून फक्त ऑस्टिओमायलायटिस लिहिला असेल तर त्यावरून सांध्याचा संसर्ग काढू नका. एमआरआयच्या वाचनात 'सांध्यात पाणी, संसर्ग शक्य' असं असलं तरीही नाही. दुसरं, सेप्टिक आर्थ्रायटिसला मधुमेहाशी आपोआप जोडता येत नाही. 'विथ'खाली इतर आर्थ्रोपथी (सांध्याचे विकार) आहे ती एनईसी स्वरूपाची, आणि अशा सर्वसमावेशक शीर्षकाखाली गृहीत संबंध चालत नाही. डॉक्टरांनी संबंध लिहिला तरच.

शार्कोचं पाऊल, म्हणजे मज्जातंतू बिघडल्यामुळे खराब झालेले सांधे, हे यातलं जुनं फसवं प्रकरण. लाल, गरम, सुजलेलं, संसर्गासारखंच दिसतं. टाइप २ मधुमेहात त्याला ई११.६१०. समरीत वर 'सेप्टिक जॉइंट विरुद्ध शार्को' आणि खाली काहीच निर्णय नाही, असे चार्ट येतात. तिथे अंदाज बांधू नका, क्वेरी टाका. गाउटचंही तेच: सांध्यातल्या पाण्यात युरेटचे स्फटिक सापडले म्हणून संसर्ग नाही असं होत नाही, दोन्ही एकत्र असू शकतात. कोड दोन्हीचे, दोन्ही नोंदवले असतील तर.

एम०० मध्ये मुळात नसलेले

कृत्रिम घोट्याचा संसर्ग एम०० मध्ये येत नाही, तो टी८४.५९एक्सए. घोटा जोडताना घातलेल्या प्लेट-स्क्रूचा संसर्ग टी८४.६ मध्ये: उजव्या टिबियाची प्लेट टी८४.६२२ए, पावलाच्या हाडांना वेगळा कोड नाही म्हणून टी८४.६९एक्सए. शस्त्रक्रियेच्या इतिहासाचं पान न उघडता एम००.०७१ लावलेले चार्ट ऑडिटमध्ये हमखास सापडतात.

क्षयाचा सांधा ए१८.०२, गोनोकॉकसचा ए५४.४२, साल्मोनेलाचा ए०२.२३. यांत बाजू नाही, शोधू नका. कुष्ठरोग किंवा बुरशीचा सांधा असेल तर मूळ आजार आधी, मग एम०१.एक्स७१ किंवा एम०१.एक्स७२. संसर्ग बरा झाल्यावर प्रतिक्रिया म्हणून सुजलेला सांधा एम०२ मध्ये. बोटाच्या सेल्युलायटिसला (त्वचेच्या व त्याखालच्या संसर्गाला) एल०३.०३-, 'सेल्युलायटिस, खाली सांधा ठीक' असं लिहिलं असताना एम०० लावलेला दिसतो, तो फक्त घाईचा परिणाम.

रुग्णाला सेप्सिसही असेल आणि तो भरतीच्या वेळी होता, तर सेप्सिसचा कोड आधी येतो, एमएसएसए असेल तर ए४१.०१, आणि सांधा त्यामागून.

आणि एम००.९ बरोबर असेल तेव्हा

सांध्यातलं पाणी काढलं, पू होता, अँटिबायोटिक आधीच सुरू होतं, कल्चर कोरं, क्वेरीला उत्तर 'ठरवता येत नाही'. आता एम००.९ हाच एकमेव बरोबर कोड. पाऊल माहीत आहे, बाजू माहीत आहे, पण त्यांना बसवायला कोडात घरच नाही. अशा क्लेमला 'अनस्पेसिफाइड' म्हणून नकार आला तर कोड बदलू नका, अपील करा. अपिलात लांब निबंध नको. तीन-चार गोष्टी पुरतात: टॅब्युलरमध्ये एम००.९ ला जागेचे आणि बाजूचे उपप्रकार नाहीत, एम००.८ लावायला जंतूची नोंद लागते आणि ती नाही. कल्चरचा निगेटिव्ह रिपोर्ट आणि त्याआधी दिलेल्या अँटिबायोटिकची वेळ. क्वेरी व तिचं उत्तर. बाजू दाखवायची गरज असेल तर ती प्रोसिजर कोडवरच्या आरटी (उजवी), एलटी (डावी) किंवा टी मॉडिफायरमधून दिसते, तेही एका ओळीत लिहा. टीमच्या ट्रॅकरमध्ये अशा चार्टसमोर 'कोड कायम, अपील' असा वेगळा शेरा ठेवा. नाहीतर पुढच्या शिफ्टचा कोडर 'दुरुस्ती बाकी' समजून त्यावर एम००.८७१ टाकतो.